कोडी सोडवत जुनं ठाणं बघायचंय? पहिल्यांदाच करणाऱ्यांसाठी पझल वॉकची पूर्ण तयारी

ठाण्यात नवीन राहायला आलेल्यांचं जुनं ठाणं साधारण स्टेशन, सॅटिसचा पूल आणि रिक्षाची लाईन एवढ्यावरच संपतं. घर घोडबंदर रोडला, ऑफिस ऐरोली नाहीतर बीकेसीला, सुट्टीच्या दिवशी मॉल. तलावपाळीला कधीतरी आईस्क्रीम खाल्लेलं असतं, बस्स. आणि त्याच तलावपाळीच्या आसपास शिलाहार, पोर्तुगीज, मराठे, इंग्रज अशा सगळ्यांच्या खुणा आहेत असं सांगितलं की लगेच प्रश्न येतो, अगं मग एखादा हेरिटेज वॉक असेल तर सांग ना. गाईडसोबतचे वॉक चांगलेच असतात, पण त्यांची तारीख आपल्याला जमत नाही, मुलं थोड्या वेळात कंटाळतात आणि घोळक्यात मागे राहिलं की काही ऐकूच येत नाही.

म्हणून मी पझल वॉक सुचवते. कागदावर कोडी लिहिलेली, प्रत्येक कोड्याचं उत्तर त्या जागी उभं राहून बघितल्याशिवाय मिळत नाही, आणि उत्तर मिळालं की पुढे कुठे जायचं ते कळतं. गाईड नाही, वेळेचं बंधन नाही, मधेच चहा प्यायला थांबलात तरी कुणी खोळंबत नाही. आमच्या सोसायटीतल्या मुलांसाठी आणि त्यांच्या आईबाबांसाठी मी असे वॉक बनवते. ज्या देवळासमोरून माणूस वर्षानुवर्षं भाजीची पिशवी घेऊन जातो त्याच देवळासमोर तो हातात कोडं घेऊन उभा राहिला की पहिल्यांदा मान वर करून नीट बघतो, मला या सगळ्या खटाटोपात सगळ्यात जास्त तेच आवडतं.

खाली सगळं क्रमाने देतेय. एकाने कोडी बनवायची आणि बाकीच्यांनी सोडवायची असं धरून लिहिलंय, त्यामुळे घरात आधी ठरवून घ्या की बनवणारा कोण. बनवणाऱ्याने सोडवायचं नसतं, फक्त मागून चालायचं असतं आणि तोंड बंद ठेवायचं असतं, हे दुसरं जास्त अवघड आहे.

१. आधी वार ठरवा

हे सगळ्यात आधी, कारण या रूटवर देऊळ, चर्च आणि सिनेगॉग तिन्ही आहेत आणि तिघांचे गर्दीचे वार वेगळे. सोमवारी कौपिनेश्वराला गर्दी, श्रावणातल्या सोमवारी तर विचारूच नका. शनिवार ज्यूंचा शब्बाथ, त्या दिवशी सिनेगॉग प्रार्थनेसाठी असतं, आपण बघायला म्हणून जायचं नाही. रविवारी सकाळी चर्चमध्ये मिस्सा असते. म्हणजे मंगळवार ते शुक्रवार मधली एखादी सुट्टी मिळाली तर सोनं. नाहीच मिळाली तर रविवार घ्या आणि चर्च फक्त बाहेरून बघायचं ठरवा.

वेळ सकाळी साडेसात-आठची. दहानंतर जांभळी नाक्यावर हातगाड्या, टेम्पो, भाजीवाले आणि खरेदीवाले असे एकत्र येतात की कोडं वाचायला उभं राहायला जागा नसते, शिवाय दुपारी देवळं बंद होतात. गुढीपाडव्याला स्वागतयात्रा, दहीहंडीला आणि नवरात्रात टेंभी नाका, गणपती विसर्जनाला मासुंदा तलाव (तलावपाळीचा तलाव तो हाच), हे दिवस या कामासाठी बाद. ते सोहळे बघायला वेगळे जा, जरूर जा, पण कोडी घेऊन नको. जून ते सप्टेंबर पण टाळा, कागद भिजतो आणि छत्री धरून कुणाला वर बघवत नाही.

२. सोबत काय घ्यायचं

- कोड्यांचे कागद, प्रत्येक टीमला एक सेट, प्लास्टिकच्या फोल्डरमध्ये
- पेन्सिल आणि खोडरबर (पेन नको, उत्तरं बदलतात)
- हिंटची बंद पाकिटं, त्याबद्दल पुढे सांगते
- क पासून ज्ञ पर्यंतची छापील पट्टी, आकड्यावरून अक्षर शोधायच्या कोड्यांसाठी
- मोबाईलमध्ये ऑफलाईन मॅप, पण फक्त बनवणाऱ्याकडे
- ओळखपत्र, सिनेगॉगसाठी परवानगी मागायची असेल तर लागतं, मोठ्यांपैकी प्रत्येकाकडे असू दे
- स्टेशनसाठी लोकलचं किंवा प्लॅटफॉर्मचं तिकीट
- पाणी, टोपी, सुटे पैसे
- पटकन काढता-घालता येणारी चप्पल किंवा सँडल, लेसचे बूट अजिबात नको

गाडी आणू नका. स्टेशन परिसरात पार्किंग शोधण्यातच सकाळ जाते. टीएमटीची बस नाहीतर रिक्षाने स्टेशनला उतरा.

३. रूट

मी जो रूट देतेय तो असा: ठाणे स्टेशन, तिथून वाट थोडी वाकडी करून मराठी ग्रंथसंग्रहालय, मग जांभळी नाका आणि कौपिनेश्वर मंदिर, तलावाजवळचं सेंट जॉन बॅप्टिस्ट चर्च, टेंभी नाका, सिनेगॉग, कोर्ट नाका, जेलची बाहेरची बाजू आणि परत तलावावर येऊन गडकरी रंगायतन. सगळं मिळून तीनेक किलोमीटर. नुसतं चालायला तास पुरेल, कोड्यांसकट अडीच ते तीन तास धरा, लहान मुलं असतील तर अजून अर्धा.

एका जागेवर एकच कोडं ठेवा. दोन ठेवली की एक जण एकात अडकतो, दुसरा दुसऱ्यात, आणि बाकीचे मोबाईल काढतात.

४. बनवणाऱ्याने आधी एकदा एकट्याने चालून यायचं

हे सोडायचं नाही. घरी बसून मॅप बघून बनवलेली कोडी जागेवर चालत नाहीत, कारण पाट्या बदलतात, रंग बदलतो, समोर बॅनर लागतो. ठाण्यात वाढदिवसाचे बॅनर कुठे लागतील याचा नेम नाही, त्यामुळे उत्तर कधीही बॅनर, होर्डिंग, दुकानाची पाटी किंवा भिंतीवरच्या रंगवलेल्या अक्षरांवर ठेवू नका. उत्तर दगडावर, लोखंडावर, संगमरवरी पाटीवर किंवा इमारतीच्या घडणीत असलं पाहिजे. कमानी किती, पायऱ्या किती, आवारात लहान देवळं किती, घंटा कुठल्या बाजूला, असं.

दुसरी कसोटी ही की कोडं मोबाईलवर सुटता कामा नये. "कौपिनेश्वर मंदिराचा जीर्णोद्धार कोणी केला" हा प्रश्न झाला, कोडं नाही, पोरं दहा सेकंदात शोधून सांगतील. तोच मुद्दा उलटा फिरवा. माहिती कागदावर तुम्हीच देऊन टाका, की पेशव्यांचे सरसुभेदार रामाजी महादेव बिवलकर यांनी १७६० च्या सुमारास हे देऊळ नव्याने बांधलं, मूळ स्थान शिलाहारांच्या काळातलं मानतात, आणि विचारा असं काहीतरी जे उभं राहून मोजावं लागेल. मोठ्या देवळाच्या आवारात इतर देवांची लहान देवळं आहेत, ती फिरून मोजा आणि तो आकडा पुढच्या कोड्यात वापरा. आकडा मी इथे देत नाही, बनवणाऱ्याने स्वतः मोजायचा, त्यातली गंमत त्यालाही मिळू दे. गाभाऱ्यातलं शिवलिंग जवळपास चार फूट उंच आहे, एवढं मोठं लिंग सहसा बघायला मिळत नाही, तर मुलांना विचारा की आपल्यापैकी कोणाच्या उंचीशी जुळतंय, डोळ्यानेच अंदाज घ्या, जवळ जाऊन मापायला जायचं नाही. आणि दर्शनाच्या रांगेत उभं राहून कागद वाचू नका, मागच्यांना त्रास होतो.

५. बनवून ठेवलेले काही नमुने

स्टेशनचं कोडं. १६ एप्रिल १८५३ ला बोरीबंदरहून निघालेली देशातली पहिली प्रवासी गाडी इथे आली. साहिब, सिंध आणि सुलतान अशी तीन इंजिनं, सुमारे चारशे पाहुणे, निघताना २१ तोफांची सलामी, अंतर ३४ किलोमीटर. ही सगळी माहिती कागदावर लिहा आणि "डबे ____" अशी एक जागा रिकामी सोडा. ती नंतर भरायची. प्लॅटफॉर्मवर करायचं काम वेगळंच आहे: ओव्हरहेड वायर धरणाऱ्या खांबांवर छोट्या नंबरपाट्या असतात, त्यातला एक आकडा किलोमीटरचा असतो आणि दुसरा त्या किलोमीटरमधल्या खांबाचा. किलोमीटरचा आकडा सीएसएमटीपासून, म्हणजे जुन्या बोरीबंदरपासून मोजलेला. मुलांना खांब शोधायला सांगा, आकडा टिपायला सांगा आणि मग कागदावरच्या ३४ शी ताडून बघायला सांगा. रोज लोकलने जाणारे बाबा लोकसुद्धा ही पाटी पहिल्यांदा बघतात. पिवळ्या पट्टीच्या आत राहूनच हे करायचं, आणि गर्दीच्या वेळी नाही, म्हणून तर सकाळी लवकर.

ग्रंथसंग्रहालय. १ जून १८९३ ला सुरू झालेली संस्था, ती उभी करण्यात 'महाराष्ट्र सारस्वत' लिहिणारे वि. ल. भावे पुढे होते. इथे फक्त स्थापनेचं वर्ष टिपायचं. वर्ष पाटीवर सापडलं नाही तर आत विचारा, "काका, संग्रहालय कुठल्या सालचं?" असं मुलाने विचारलं की पुस्तकांच्या माणसांना फार बरं वाटतं, कधी कधी आत बोलावून दाखवतात पण.

सिनेगॉग. शार हाशमाईम, १८७९ सालचं. इथले बेने इस्रायली ज्यू कोकणातले, घरात मराठी बोलणारे, आणि शनिवारी काम बंद ठेवणारे तेली म्हणून गावोगाव त्यांना शनवार तेली म्हणायचे. आत जायचं असेल तर आधीच परवानगी काढा, सुरक्षा कडक असते आणि ते योग्यच आहे, गेटवर हुज्जत घालू नका. नाही मिळाली परवानगी तर बाहेरून बघा. इथल्या कोड्यात दोन वर्षं एकत्र येतात: ग्रंथसंग्रहालयाच्या वर्षातून सिनेगॉगचं वर्ष वजा करा. १८९३ वजा १८७९, आले १४. आता स्टेशनच्या कागदावरची रिकामी जागा भरा, पहिल्या गाडीला चौदाच डबे होते. दोन इमारतींच्या वर्षांतून गाडीचे डबे निघतात हा निव्वळ योगायोग, पण मुलं हे उत्तर आलं की उड्या मारतात, आणि उत्तर बरोबर आलं की चूक हे त्यांचं त्यांना कळतं. असे ताडून बघता येणारे आकडे तुमच्या रूटवर पण शोधा, सापडतात.

चर्चसाठी मी कोडं हलकं ठेवते. पोर्तुगीज काळापासूनची जागा, शांत आवार, शाळा शेजारी. एखाद्या दाराची कमान किंवा वरचा क्रूस दाखवणारं अर्धवट चित्र कागदावर काढा आणि उरलेलं अर्धं बघून पूर्ण करायला सांगा. लिहिता न येणारी लहान भावंडं असतात ना प्रत्येक घरात, त्यांच्यासाठी हे एक कोडं हवंच.

६. अक्षरं मोजायचा नियम कागदावर छापा

मराठीत कोडी बनवताना लोक सगळ्यात जास्त इथे अडकतात. इंग्रजीत अक्षर म्हणजे अक्षर, आपल्याकडे काना-मात्रा-वेलांटी धरून एक की वेगळं, जोडाक्षर एक की दोन, अनुस्वार मोजायचा की नाही, यावरून भर रस्त्यात भांडणं होतात. माझा नियम सोपा आहे, तोंडाने म्हणताना जेवढे तुकडे पडतात तेवढी अक्षरं. मा-सुं-दा तीन. कौ-पि-ने-श्व-र पाच, श्व एकच. हा नियम दोन उदाहरणांसकट पहिल्याच पानावर लिहा.

एक नमुना देते. "खारकर आळीचं पहिलं अक्षर घ्या, राबोडीचं शेवटचं घ्या. १८५४ मध्ये रेल्वे कल्याणला न्यायची तर आधी मला ओलांडावं लागलं." खा आणि डी, खाडी. अक्षरांवरून शब्द मिळतो आणि शेवटच्या वाक्यावरून तो बरोबर असल्याची खात्री होते, कोड्याला ही दुसरी खात्री नेहमी ठेवा, नाहीतर टीम चुकीचं उत्तर घेऊन आनंदात भलतीकडे चालू लागते.

एकाच जागेची नावं पाटीवर वेगवेगळी लिहिलेली असतात हेही लक्षात ठेवा. कौपिनेश्वर आणि कोपिनेश्वर दोन्ही दिसतं. तेव्हा वादाचं अक्षर उत्तरात घ्यायचंच नाही. आणि इंग्रजी मीडियमच्या मुलांना क ते ज्ञ चा क्रम पाठ असेलच असं नाही, म्हणून ती छापील पट्टी. त्यात ङ आणि ञ छापलेत की नाही त्यावर सगळी मोजणी बदलते, पट्टीवर जे आहे तेच खरं, असं एक वाक्य खाली टाका.

७. हिंटची पाकिटं

प्रत्येक कोड्याला तीन पाकिटं. पहिल्यात कुठे बघायचं ते (वर बघा, डावीकडे बघा), दुसऱ्यात कसं सोडवायचं ते, तिसऱ्यात सरळ उत्तर. तिसरं पाकीट ठेवायला लोकांना जिवावर येतं, पण ठेवाच. एखादी पाटी काढून टाकलेली असते, एखादं गेट बंद असतं, आणि तिथे अडकून वॉक संपला तर पुढचं सगळं वाया. पाकिटं उघडली म्हणून मार्क कापू नका, स्पर्धा केली की मुलं धावतात, आणि स्टेशन रोडला धावणं म्हणजे रिक्षांच्या मधून धावणं.

टीम चौघांची पुरे. पाचवा माणूस फक्त चालतो. मोठे आणि लहान मिसळा, आजी-आजोबा असतील तर फारच उत्तम, जुन्या ठाण्यातल्या आजींना टेंभी नाक्यावर नुसतं उभं केलं तरी कोड्याबाहेरच्या दहा गोष्टी निघतात.

८. किल्ल्याचं कोडं

आता माझ्या सगळ्यात आवडत्या जागेबद्दल. ठाण्याचं सेंट्रल जेल म्हणजेच ठाण्याचा किल्ला. पोर्तुगीजांनी बांधायला घेतलेला, १७३७ मध्ये मराठ्यांनी जिंकलेला, १७७४ च्या शेवटी इंग्रजांकडे गेलेला. १७८७ मध्ये इथे खोदताना शिलाहार राजा अरिकेसरीचा ताम्रपट सापडला, म्हणजे किल्ल्याच्या खाली त्याच्याहून सात-आठशे वर्षं जुनं ठाणं पुरलेलं होतं.

पण पझल वॉक इथूनच का न्यायचा, तर ठाण्याच्या इतिहासातलं खरंखुरं सांकेतिक कोडं या भिंतीआत सुटलं. दुसऱ्या बाजीरावाचा कारभारी त्रिंबकजी डेंगळे, बडोद्याच्या गायकवाडांचे वकील गंगाधरशास्त्री यांच्या खुनाच्या आरोपावरून इंग्रजांनी त्याला इथे कैदेत ठेवला. पहारा मुद्दाम गोऱ्या शिपायांचा, म्हणजे कुणी फितूर व्हायला नको. आणि तीच त्यांची कमजोरी झाली, कारण त्यांना मराठी येत नव्हतं. इंग्रज अधिकाऱ्याच्या नोकरीत शिरलेला एक मोतद्दार घोड्याची देखभाल करता करता त्रिंबकजीच्या खिडकीखाली गाणी म्हणायचा. शिपायांच्या कानाला ती गाणीच, आत बसलेल्याला निरोप. सप्टेंबर १८१६ मध्ये एका पावसाळी रात्री त्रिंबकजी निसटला. बिशप हेबर या इंग्रजाने नंतर त्यातल्या एका गाण्याचा आशय नोंदवून ठेवला, त्यात चक्क हिशोब आहे: घोडे पंचावन्न, माणसं चोपन्न, आणि पंचावन्नावा स्वार घोड्यावर बसला की दख्खनला पुन्हा बरे दिवस.

यावर कोडं असं करा. एका कागदावर ५५ घोडे काढा (टिंबं काढलीत तरी चालेल) आणि दुसऱ्यावर ५४ स्वार, न मोजता विस्कटून. गोष्ट अजून सांगायची नाही. टीमला दोन्ही मोजू द्या, एक कमी का पडतोय यावर वाद घालू द्या, छापायची चूक झाली असं म्हणू द्या. मग गोष्ट वाचायची. भिंतीकडे तोंड करून मोठ्याने वाचलीत की मुलं गप्प होतात, मग विचारा की पंचावन्नावा कोण. उत्तर द्यायला कुणालाच हिंट लागत नाही.

त्यानंतर मोतद्दाराची युक्ती आपल्याच मराठीत करून दाखवायची. हे गाणं मी जुळवलंय, वापरा बिनधास्त:

माळावरचं गवत सुकलं, घोड्याला दाणा घाल,
सुंभाचा दोर वळून ठेव, आवर सगळा माल,
दारावरच्या शिपायाला कळेना आपली चाल.

प्रश्न एवढाच, की पुढे कुठे जायचं. लोक गवतात, दोरात, घोड्यात अर्थ शोधत बसतात, कोण कोर्टाकडे बोट दाखवतं, कोण पोलीस चौकीकडे. प्रत्येक ओळीचं पहिलं अक्षर वाचलं की मासुंदा. म्हणजे तलावावर परत.

जेलजवळचे नियम मात्र काटेकोर पाळा. फोटो काढायचे नाहीत, व्हिडिओ नाही, भिंतीला लागून घोळका करायचा नाही, बंदोबस्तावरच्या पोलिसांनी हटकलं तर "साहेब, मुलांना इतिहास दाखवतोय" असं सरळ सांगून पुढे व्हायचं. कागद रस्त्याच्या पलीकडच्या फुटपाथवर उभं राहून वाचा.

आणि अजून एक, इथे दुसरं कोडं ठेवू नका. याच जेलमध्ये २ मे १८४८ ला इंग्रजांविरुद्ध बंड करणाऱ्या राघोजी भांगरे यांना फाशी दिलं, आणि १९ एप्रिल १९१० ला नाशिकचा कलेक्टर जॅक्सन याच्या वधाबद्दल अनंत कान्हेरे, कृष्णाजी कर्वे आणि विनायक देशपांडे यांना. कान्हेरे तेव्हा अठरा वर्षांचे होते. ही नावं आणि तारखा कागदावर नुसत्या लिहा, एकाने वाचा, बाकीच्यांनी ऐका. याचा खेळ करायचा नाही असं माझं स्पष्ट मत आहे, आणि बारावीत शिकणारी पोरं सोबत असतील तर त्यांना समजावून सांगावं लागत नाही.

९. चालताना पाळायच्या गोष्टी

रस्ता ओलांडताना कागद फोल्डरमध्ये. जांभळी नाक्यावर गल्लीच्या तोंडाशी थांबू नका, हातगाडीवाल्याची वाट अडते आणि त्याचं बोलणं ऐकावं लागतं, ते बरोबरच आहे कारण तो कामावर आहे आणि आपण फिरायला आलोय. चौकशी करायची तर आधी फुलवाली मावशी किंवा चहावाले दादा यांच्याकडून काहीतरी विकत घ्या, मग विचारा. खारकर आळी, चेंदणी, महागिरी अशा जुन्या वस्त्यांमध्ये रूट वाढवायचा असेल तर वाढवा, पण कोडं कुणाच्या घराच्या दारावर, अंगणावर, तुळशीवर ठेवू नका. लोकांची राहती घरं आहेत ती.

एखाद्या जागी दहा मिनिटांपेक्षा जास्त अडकलात तर दुसरं पाकीट उघडा, हा नियम आधीच ठरवा.

१०. शेवटचं कोडं आणि पोटपूजा

तलावावर परत आलात की गडकरी रंगायतनासमोरचं कोडं: "माणूस एक, नावं तीन. कविता केल्या तेव्हा एक, विनोद केला तेव्हा दुसरं, नाटकं लिहिली ती स्वतःच्या नावाने. बाळकराम आणि गोविंदाग्रज कागदावर आहेत, तिसरं समोर बघा." राम गणेश गडकरी. इमारत १९७८ ची, ठाणेकरांच्या दोन-तीन पिढ्यांनी पहिलं नाटक इथे बघितलंय, त्यामुळे टीममधला कुणीतरी आपलं पहिलं नाटक सांगायला लागतो आणि वॉक इथेच अर्धा तास रेंगाळतो. रेंगाळू द्या. तलावाच्या कट्ट्यावर बसून सगळ्या टीमचे कागद ताडून बघा, कोणी कुठे काय उत्तर दिलं ते वाचताना जेवढं हसू येतं तेवढं वॉकमध्ये पण येत नाही.

मग मिसळ. मामलेदार कचेरीजवळची, आणि पहिल्यांदा जात असाल तर तिखट मागू नका, मध्यमसुद्धा बऱ्याच जणांना जड जातं, मुलांसाठी कमी तिखट सांगा आणि सोबत ताक घ्या. ज्यांना मिसळ नको त्यांना स्टेशनकडे परत जाताना वडापाव आहेच.

घरी आल्यावर बनवणाऱ्याने एक काम त्याच दिवशी करायचं: कुठलं कोडं अडलं, कुठली पाटी दिसली नाही, कुठे गेट बंद होतं, ते कागदाच्या मागे तारखेसकट लिहून ठेवायचं. सेट पुढच्या कुटुंबाला देताना ती जागा आधी बदला आणि उत्तरांचा कागद वेगळ्या पाकिटात, वर "फक्त बनवणाऱ्यासाठी" असं लिहून द्या.